धुऱ्यावरचा मोहा

सिहोऱ्याच्या सुखरामच्या मंदाचं लग्न झालं, ते एकोणीसशे चौऱ्याहत्तर साल. नवरा मुलगा बपेऱ्याच्या डोमाजीचा, आणि याच डोमाजीशी सुखरामचा खटला चालू होता. दोघांची धानाची शेतं लागून. मधल्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, मोहाचं झाड. सुखरामच्या आईनं जन्मभर त्याखाली मोहफुलं वेचली आणि मरताना सांगितलं, "मोहा सोडू नको." तुमसरच्या कोर्टानं झाड डोमाजीला दिलं. सुखरामनं भंडाऱ्याला वरच्या कोर्टात अपील केलं.

तारखेला जायला दोघांना एकच एसटी. ती बपेऱ्याहून निघे. डोमाजी आधी बसे आणि सिहोऱ्याला चढणाऱ्या सुखरामसाठी शेजारची जागा धरून ठेवी. कोर्टात एकमेकांविरुद्ध उभं राहायचं आणि परतताना एकाच पुडीतले फुटाणे खायचे. अशाच एका फेरीत पोरांची सोयरीक जमली. खटला मात्र कोणी काढून घेतला नाही. सोयरीक वेगळी, झाड वेगळं.

लग्नानंतरच्या पहिल्याच तारखेला घोटाळा झाला. डोमाजी सकाळी सायकलनं सुखरामच्या दारी आला. म्हणाला, आता आपण इवाई झालो, इथूनच सोबत जाऊ. मुलाचा बाप, म्हणजे व्याही, दारात यावा आणि उपाशी जावा, हे सुखरामच्या घरात कधी झालं नव्हतं. त्याच्या बायकोनं, पार्वताबाईनं, वडे तळायला घेतले. एसटीचा हॉर्न वाजला तेव्हा डोमाजीच्या ताटात ताजे वडे पडत होते.

सुखराम दारात जाई, रस्त्याकडे बघे, पुन्हा आत येई. पण इवायाला भरल्या ताटावरून ऊठ कसं म्हणणार? आणि विहीणबाईनं वाढलेलं डोमाजी टाकणार तरी कसा?

"एसटी गेली वाटते," डोमाजी घास गिळत म्हणाला.

"जाऊ द्या, इवाई. तुमी जेवा सावकाश." सुखरामचा आवाज रडवेला झाला होता.

धानाच्या ट्रकवर बसून दोघं भंडाऱ्याला पोचले, तेव्हा दुपार कलली होती. अपील करणारा हजर नाही आणि त्याचा वकीलही दुसऱ्या कोर्टात अडकलेला, म्हणून अपील सकाळीच फेटाळलं गेलं होतं. डोमाजीचे वकील हसत सामोरे आले. डोमाजीचं तोंड उतरलं. आता सिहोरा-बपेऱ्यात सगळे म्हणणार, मुद्दाम वडे खात बसला आणि झाड लाटलं.

"वकीलसाहेब, ते अपील पुन्हा उभं करा."

"अहो, तुम्ही जिंकलात. मी तुमचा वकील आहे."

"म्हणूनच तुमाले सांगून राहिलो. त्यायचा वकील मायं काहून आयकन?"

शेवटी अर्ज सुखरामच्याच वकिलानं दिला. पण उशीर आपल्या जेवणामुळे झाला, हे डोमाजीनं न्यायाधीशांसमोर उभं राहून सांगितलं. वडे कसे झाले होते, असं साहेबांनी विचारलं. फार चांगले, डोमाजी म्हणाला. साहेब बराच वेळ कागदात तोंड घालून बसले. अपील पुन्हा दाखल झालं.

त्यानंतर डोमाजी मुकाट्यानं बपेऱ्यालाच एसटीत बसू लागला. पार्वताबाई वड्यांचा डबा खिडकीतून आत देई. वर्षभरानं निकाल लागला आणि खालच्या कोर्टाचा हुकूम फिरला. झाड सुखरामचं झालं.

नागपूरला हायकोर्टात जाऊ, असं डोमाजीचे वकील म्हणाले. डोमाजी कोर्टाच्या पायरीवर बसला.

"नाही," तो म्हणाला. "झाड मायं झालं, तर इवाई त्याचा एक मोहा तोंडात घालत नाही. पोरीच्या घरचं बाप खात नाही. अन् झाड त्यायचं राहिलं, तर मले घरपोच येते."

तसंच झालं. दर चैत्रात मोहाची पहिली टोपली मंदाच्या सासरी जाऊ लागली. मग झाड जिंकलो कायले, असं पार्वताबाई पुटपुटे.

"मायनं मोहा सोडू नको म्हटलं," सुखराम सांगे. "टोपलीचं काही बोलली नाही."

डोमाजी ब्याऐंशी साली पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी वारला. टोपली जात राहिली. सुखराम सत्त्याऐंशीच्या चैत्रात गेला, मोहा गळत होता तेव्हा.