उपासाच्या दिवशी रेघ नाही

बसा इथं, अन् आइका! एका बाईनं नुसती भिंत पाहून पेहलवानाचं वजन सांगितलं, त्याची गोष्ट सांगतो. खोटी निघाली तर माह्या मिशा उतरवा!

साल बासष्ट. मी मोतीराम, अमरावतीत पोरींच्या शाळेत चपराशी, अन् तालमीत पेहलवानाइचा सैपाक करो. आमचा सहदेव सहासष्ट किलोचा, अन् अकोल्याले त्याले त्रेसष्टच्या गटात लढाचं होतं. सिंधूचा बाप नत्थुजी, त्यानं बजावलंच होतं, "अकोल्यात नाव काढ, मंगच माह्या सिंधूले मागाले ये!"

"महिन्यात तीन किलो? सोड माह्यावर!" मी छाती ठोकली. "कापसाच्या बोंडासारखा हलका करतो तुले!"

शाळेच्या मास्तरीन ताराबाई म्हंजे नुसतं डोकं! त्याइनं सहदेवचं वय, उंची, मेहनत इचारली, अन् पाटीवर हिशेब मांडला. "मोतीराम, अन्नातली ताकद उष्मांकांत मोजतात. याला आहे तसं राहायला रोज तीन हजार लागतात. वजन चढवायचं तर साडेतीन हजार. उतरवायचं तर बावीसशे."

"बाई, मले चौथीच्या वर हिशेब येत नाई."

"मग शंभराला एक रेघ. भाकरीला दोन रेघा, वाटीभर वरणाला दीड. बावीस झाल्या की ताट उचला!"

उचललं ना बाप्पा! कोळशानं तालमीची भिंत काळी केली. तेविसाव्या रेघेले सहदेव रडकुंडीले ये.

"काका, अर्धी भाकर!"

"सिंधू पाहिजे का भाकर?"

बिचारा ताट सरकवून दे. मंग मीच तोड काढली. "लेका, उपास धर! त्या दिवशी रेघच नाई!" सोमवार, गुरुवार, मारुतीचा शनवार, एकादशा, चतुर्थ्या. महिन्यात सोळा उपास! माहा जीव सुपाएवढा झाला.

कुस्तीच्या दोन दिवस आधी बाई भिंत पाहाले आल्या.

"हे दिवस कोरे कसे?"

"उपास होता, बाई!"

"काहीच खाल्लं नाही?"

"छ्या! देवाची शप्पथ! नुसती साबुदान्याची खिचडी, दोन ताटं. भगर, दान्याची आमटी, तुपातले रताळे, केळं डझनभर. अन् गूळ-दान्याचे लाडू, तोंडात टाकाले!"

बाईनं डोळे मिटले, बोटाइवर मोजलं. "दिवसाला साडेचार हजार! मोतीराम, तुमचा सहदेव अडुसष्ट किलोचा झालाय."

"हलका दिसते ना, बाई!"

त्याले कापसाच्या जिनातल्या वजनकाट्यावर चढवलं. अडुसष्ट! गुंजभर इकडं नाई, तिकडं नाई. मी तिथंच बाईले हात जोडले. सहदेव मातर मटकन खाली बसला. "काका, माही सिंधू गेली!"

"उठ," बाई म्हनल्या. "सत्तरच्या गटात लढ. चढवलेले दोन किलो तुझेच आहेत."

लढला! समोर पुरा सत्तर किलोचा गोवर्धन, अकोल्याचा बैल! वीस मिनिटं सहदेवनं त्याले हलू देलं नाई. मंग हारला. माह्या डोळ्याइले पानीच आलं. तेवढ्यात नत्थुजी गर्दीतून आला, सहदेवच्या दंडावर थाप मारली अन् म्हनते, "हारला त काय? उपासाले एवढं खाते त्याच्या घरी माही पोरगी उपाशी राहनार नाई!"

लग्नात बाईले पयला मान. अशी बाई पुन्हा पाहिली नाई, बाप्पा! मीबी तवापासून भिंतीवर रेघा मारून राहिलो. पोट काही खाली बसत नाई, ते सोडा.

आज शनवार हाये. तो दान्याचा लाडू सरकवा ना इकडे. अन् बाई आल्याच, त त्याची रेघ तुमच्या नावानं मारजा!