माशाचा चार्ज

हजेरीपटावर पहिली सही करायला शार्दूल गोगट्याने पेनाचं टोपण काढलं आणि प्राचार्य लिमये सरांनी त्याचं मनगट धरलं.

"थांब! कोर्टाची स्थगिती आल्ये."

रत्नागिरीच्या त्या अनुदानित महाविद्यालयात प्राणिशास्त्राची एकच कायम जागा भरायची होती. मुलाखतीत शार्दूल पहिला आला, दिशा भाटकर दुसरी. आपले शोधनिबंध गुणांत धरलेच नाहीत, म्हणून दिशाने याचिका केली. निकालापर्यंत दोघांनी तासिका तत्त्वावर वर्गात शिकवावं, विभागाचा चार्ज मात्र कोणालाच देऊ नये, असं ठरलं. शार्दूल तोवर पालीच्या हायस्कूलातली कायम नोकरी सोडून बसला होता. हायकोर्टाच्या तारखेला कोल्हापूरला जाताना एसटी पालीला थांबे आणि खिडकीतून नेमकी तीच शाळा दिसे. दोन बाकं पुढे दिशा असे. दोघांच्याही वकिलांनी एकमेकांशी बोलायला मनाई केली होती.

लिमये सरांना कोर्टाच्या अवमानाची इतकी धास्ती, की त्यांनी प्रयोगशाळेतल्या प्रत्येक कपाटाला कुलूप घातलं आणि प्रात्यक्षिकं बंद केली. राहिली काचेची टाकी. तिच्यात काळुंदर जातीचा एक मासा होता, भाट्याच्या खाडीतून आणलेला.

"सर, ह्याला खायला कोण घालणार?"

"तू घातलंस तर तू चार्ज घेतलास असं होईल. तिने घातलं तर तिने."

"मग दत्ताराम?"

प्रयोगशाळेचा परिचर दत्ताराम दारातूनच म्हणाला, "लेखी द्या, सर. उद्या मासा मेला तर माझी पेन्शन अडकायची."

लेखी देणं म्हणजे चार्ज देणंच, असं म्हणून सर चहाला गेले.

शार्दूल डब्याच्या सुट्टीत मागच्या दाराने प्रयोगशाळेत शिरू लागला. खिशात माशाच्या खाद्याच्या गोळ्या. आठवडाभरात एक गोष्ट त्याच्या लक्षात आली. त्याच्या चार गोळ्यांवर मासा रोडावायला हवा होता, पण तो फुगत चालला होता. जलोदर असणार, असं निदान करून शार्दूलने ताकदीसाठी गोळ्या दुप्पट केल्या. पाणी गढुळलं. मासा एका अंगावर कलला.

त्या दिवशी तो घाईघाईने लवकर गेला, तर टाकीशी दिशा.

तिने हात पाठीमागे नेला. "मी खिडकी बंद करायला आले होते."

"मूठभर कोळंबीचे सोडे घेऊन?"

"तुमच्या खिशातून काय सांडतंय, सर?"

दोघांनी जमिनीवरच्या गोळ्यांकडे पाहिलं.

"कधीपासून घालताय, मॅडम?"

"स्थगिती आल्यापासून. उपाशी मरेल म्हणून. तुम्ही?"

"तेव्हापासूनच."

इतक्यात दत्ताराम आत आला. त्याच्या हातात डब्यातला उरलेला भात होता. "मी आपला रोज एवढाच टाकतो," तो ओशाळून म्हणाला. "त्याला लेखी कशाला हवं?"

"आजारी नाहीये हा," शार्दूल म्हणाला. "जेवणावळीत सापडलाय."

पाणी ताबडतोब बदलायला हवं होतं. दत्ताराम "मी काय बघितलं नाय" म्हणत निघून गेला. दोघांनी बाह्या सरसावल्या. बादल्या वाहता वाहता दिशा म्हणाली, "पगार सुरू झाला की बाबांना होडी बंद करायला लावणार होते. त्यांना आता रात्रीचं नीट दिसत नाही." पुढची बादली शार्दूलने जरा जास्तच भरून घेतली.

मासा सरळ झाला, तेव्हा दारात लिमये सर उभे होते.

"अरे, दोघांनी मिळून चार्ज घेतलात?"

घाबरलेल्या सरांनी सगळा प्रकार कोर्टाला लेखी कळवून टाकला. त्यावर सुनावणी झाली, तोवर वर्ष सरत आलं होतं. शार्दूलच्या वकिलांनी म्हटलं, दिशाने बेकायदा ताबा घेतला. दिशाच्या वकिलांनी म्हटलं, शार्दूलने. सरकारी वकिलांनी दोन्ही कागद शांतपणे वाचले आणि विचारलं, "म्हणजे वर्षभर ह्या प्रयोगशाळेत माशाला खायला घालण्यापलीकडे काही झालेलं नाही?"

खरंच झालं नव्हतं. प्रात्यक्षिकं नाहीत म्हणून मुलं दुसऱ्या विषयांना गेली होती. मुलं नाहीत म्हणजे तास नाहीत, आणि तास नाहीत तर जागा कशाला? सरकारने जागाच काढून घेतली. मग याचिकेत ठरवण्यासारखं काही उरलं नाही.

शेवटच्या तारखेहून परतताना दोघं पहिल्यांदाच एका बाकावर बसली. एसटी पालीला थांबली.

"परत घेतील का तिथे?" दिशाने विचारलं.

"माझ्या जागी दुसरा लागला. चांगला शिकवतो म्हणे."

मासा कोणाच्याच नावावर नव्हता, तेव्हा तो सोडून या, असं सरांनी सांगितलं. संध्याकाळी भाट्याला दोघांनी बादली खाडीत कलती केली. मासा खोल पाण्यात जाईना. शार्दूलच्या पायांशी घुटमळत तोंड उघडमीट करत राहिला.

"वाट बघतोय," दिशा म्हणाली.

"कायम नोकरी समजला होता बिचारा."

शार्दूलने रिकामी बादली खाडीच्या पाण्यात विसळली. मग दिशा म्हणाली, "पुढच्या वर्षी विषय पुन्हा सुरू करून बघणार आहेत म्हणे. तासिका तत्त्वावर, एकच माणूस. तुम्ही अर्ज करणार?"

"छे! पुरे झालं. तुम्ही?"

"मीही नाही."

दुसऱ्या दिवशी कार्यालय उघडायच्या आधीच शार्दूल मागच्या दाराने महाविद्यालयात शिरला. अर्ज घ्यायच्या खिडकीशी दिशा उभी होती. त्याला पाहताच तिने हात पाठीमागे नेला.

"खिडकी बंद करायला आलात, मॅडम?"

"उघडायची वाट बघत्ये," दिशा म्हणाली, आणि जरा सरकून तिने त्याला जागा करून दिली.