एका पाहुण्याला एकदाच

साहेब केबिनमधून उठून रवानगी खात्यात आले, सावकाशच्या टेबलापाशी थांबले आणि त्याच्या स्टेपलरकडे बघत म्हणाले, "शनिवारी सकाळी काय करताय?"

सावकाश म्हणाला, "काही नाही."

"मग या माझ्या क्लबात. व्यायामाला. माझे पाहुणे म्हणून."

एवढं बोलून साहेबांनी उगाच स्टेपलर दाबला, पडलेली पिन खिशात घातली आणि आले तसे परत गेले. टाइप करणाऱ्या बाईंचे हात थांबले. शिपायानं न मागता चहा आणून ठेवला आणि तोही काठोकाठ भरलेला. ह्या कंपनीत काठोकाठ कप फक्त निरोपाच्या दिवशी मिळत असे.

सावकाश हे काही त्याचं पाळण्यातलं नाव नव्हे. पुठ्ठ्याची खोकी बनवणाऱ्या त्या कंपनीत कुणी कितीही घायकुतीला येऊन काही मागितलं तरी "होईल, सावकाश होईल" हे त्याचं ठरलेलं उत्तर, म्हणून ते नाव चिकटलं. पण त्याच्या हातून खोकी कधी चुकीच्या पत्त्यावर गेली नाहीत, हेही तितकंच खरं.

आता तुम्ही म्हणाल, साहेबानं जिमला बोलावलं तर बिघडलं कुठे? उलट मान आहे. अहो, पण ह्या साहेबांची गोष्टच निराळी. माणूस मनानं लोण्यासारखा. 'उद्यापासून येऊ नका' हे कुणाला समोर बसवून सांगायची त्यांची छाती नव्हती आणि कंपनीचे दिवस तर असे आले होते की वरून दर थोड्या दिवसांनी तेवढंच सांगायला सांगत. मग साहेबांनी एक तोड काढली. ज्याला काढायचं त्याला क्लबात न्यायचं, शेजारशेजारच्या ट्रेडमिलवर दोघांनी चढायचं आणि पळता पळता सांगून टाकायचं. दोघांची तोंडं भिंतीकडे, त्यामुळे नजरेला नजर भिडत नाही. शिवाय समोरच्याला धाप लागलेली, त्यामुळे तो रडत नाही, भांडत नाही की शिव्याही देत नाही. स्टोअरवाला असाच गेला. मग खरेदीवाला गेला. छपाईच्या मशीनवरचा तर बातमी ऐकून पट्ट्यावरूनच खाली आला आणि नोकरी घालवून वर पाय मुरगळून घरी गेला.

ही सगळी माहिती बातमीदाराची. बातमीदार म्हणजे सावकाशच्या शेजारच्या टेबलावरचा त्याचा जिवाभावाचा मित्र. कंपनीत टाचणी पडली तर कुणाच्या हातून पडली आणि का पडली, हे त्याला आधी कळे. दोघं एकाच वर्षी लागले होते, एकाच डब्यात जेवत होते. बातमीदारानं त्या दिवशी डबा उघडलाच नाही. जेवणाच्या सुट्टीत तो बाहेर पडला आणि क्लबाच्या दारवानाशी गप्पा मारून मोलाची बातमी घेऊन आला.

"नियम आहे तिथं," तो म्हणाला. "सभासदाला एक पाहुणा एकदाच नेता येतो. तोही तासाभरासाठी. दुसऱ्यांदा न्यायचं तर त्या माणसाला सभासदच व्हावं लागतं."

"मग?"

"मग काय, डोकं चालव. साहेबाला दुसरीकडं कुठं बोलायची हिंमत नाही. तो तासभर त्यांना तोंड उघडू दिलं नाहीस की वाचलास. जन्मभर."

सावकाशच्या बायकोलाही हे पटलं. तिचं मत असं की जे तोंडानं सांगितलेलं नाही ते झालेलंच नाही. घरात अंथरुणाला खिळलेले सासरे, शिकणारी मुलगी, कमावणारा हा एकटा आणि त्यातून वय पन्नाशीला टेकलेलं. ह्या वयाला नवी नोकरी देतो कोण? "बोलूच देऊ नका," ती म्हणाली. "काय वाटेल ते करा." नवऱ्यानं काय वाटेल ते करावं, असं ती लग्न झाल्यापासून पहिल्यांदाच म्हणत होती.

राहता राहिला बुटांचा प्रश्न. सावकाशकडे होत्या त्या चपला. बातमीदारानं स्वतःचे बूट आणून दिले. रोज पळायचं ठरवून त्यानं ते हौसेनं घेतले होते, पण पळणं काही झालं नव्हतं. बूट कोरे करकरीत, फक्त सावकाशला मोठे. बायकोनं पुढच्या टोकात जुन्या चादरीच्या चिंध्या कोंबल्या.

शनिवारी क्लबाच्या दारातच शुभशकुन झाला. साहेबांनी कार्ड लावलं तर आडवा दांडा हलेना. काउंटरवरच्या मुलीनं ते पुसून पुन्हा लावलं, मग पडद्यावर काहीतरी वाचलं आणि साहेबांकडे बघितलं. सावकाशच्या मनात देव पावला. पण साहेब तिच्या कानाशी लागून काहीतरी पुटपुटले, तिचा चेहरा जरा पडला आणि तिनं हातानंच दांडा उघडून दोघांना आत सोडलं. दैव देतं आणि कर्म नेतं ते असं.

आत ट्रेनर होता. दंड एवढे की हात शरीराला टेकत नव्हते. त्यानं सावकाशला आपादमस्तक न्याहाळून विचारलं, व्यायामाचं उद्दिष्ट काय. सावकाश म्हणाला, "टिकायचंय." ट्रेनरला हे उत्तर फारच आवडलं.

साहेब ट्रेडमिलकडे वळले तसा सावकाश उलट्या दिशेला सटकला आणि दिसेल त्या सायकलवर जाऊन बसला. साहेब शेजारच्या सायकलवर आले. त्यांनी घसा खाकरला, तसा सावकाशनं असा काही जोर लावला की पॅडलच्या आवाजात पुढचं सगळं बुडालं. तिथून उठून तो वजनांच्या बाकावर आडवा झाला. त्याला वाटलं, निजलेल्या माणसाला कोण काय सांगणार? पण दांडा छातीवर आला आणि वर जाईना. तेवढ्यात डोक्याच्या बाजूनं साहेबांचा चेहरा उलटा दिसू लागला. दांड्याला हात देत ते म्हणाले, "तुमच्याशी जरा बोलायचं होतं." सावकाशनं जिवाच्या आकांतानं अशी आरोळी ठोकली की चार माणसं धावून आली आणि त्या गलबल्यात बोलणं राहून गेलं.

मग त्याला पलीकडच्या काचेच्या खोलीतलं गाणं ऐकू आलं. बायकांचा नाचाच्या व्यायामाचा वर्ग होता तो. एवढ्या आवाजात ब्रह्मदेवालाही काही सांगता आलं नसतं. सावकाश शेवटच्या रांगेत घुसला. त्यानं आयुष्यात कुणाच्या लग्नात हात वर केला नव्हता, पण आज नोकरी कमरेवर आली होती. तो नाचला. थोड्या वेळानं वळून बघतो तर मागे साहेब, तेही नाचताहेत, चेहरा मात्र मयताला आल्यासारखा. शिकवणाऱ्या बाईनं दोघांचं कौतुक केलं, बायकांनी टाळ्या वाजवल्या. साहेबांचे डोळे ओले दिसले. घाम असेल, असं सावकाश मनाशी म्हणाला.

तिथून वाफेची खोली. दारावर 'शांतता राखा' अशी पाटी आणि आत टॉवेल गुंडाळलेले एक म्हातारे गृहस्थ. साहेबांनी "त्याचं असं आहे," एवढंच म्हटलं, तर म्हाताऱ्यानं बोट ओठांवर ठेवलं. साहेब निमूट बसले. तिघं वाफेत शिजत राहिले. भिंतीवरच्या घड्याळाचा काटा सरकत होता आणि सावकाशला तो म्हातारा सख्ख्या बापाहून जवळचा वाटत होता.

तास संपत आला. कपडे बदलून दाराकडे वळायचं तेवढं बाकी होतं. पण घात केला ट्रेनरनं. टिकायचं म्हणणारा पाहुणा त्याच्या लक्षात राहिला होता. ताकद किती ते न बघता जाऊ देणार नाही, म्हणाला आणि सावकाश नको नको म्हणेपर्यंत त्याला दंडाला धरून ट्रेडमिलवर उभं केलं. बटण दाबलं. पट्टा सुरू झाला. शेजारच्या पट्ट्यावर साहेब चढले.

सावकाशला थांबता येईना, उतरता येईना. वेग वाढला. बुटातल्या चिंध्या टाचेकडे सरकल्या. छाती भात्यासारखी वरखाली होऊ लागली आणि मग भिंतीकडे बघत साहेब बोलले.

"मला काढलं. बुधवारीच. शुक्रवारपर्यंत केबिनमध्ये बसू दिलं, एवढंच."

सावकाशचा पाय चुकता चुकता राहिला.

"कार्डसुद्धा बंद केलं हो लगेच. आज मीही इथं पाहुणाच. त्या पोरीनं ओळखीखातर सोडलं." साहेब पळत नव्हते, नुसते चालत होते. "तिघांना मी इथं आणून सांगितलं. त्यानंतर डोळ्याला डोळा नाही. आता चौथ्याला सांगा म्हणाले. मी म्हटलं, माझ्याच्यानं होणार नाही. ते म्हणाले, हरकत नाही, मग तुम्ही जा."

सावकाश पळत राहिला.

"तुमच्या जागी कोण, असं विचारलं त्यांनी. मी तुमचं नाव दिलं. सावकाश माणूस आहे, घाईनं कुणाचं वाईट करणार नाही, म्हटलं. केबिन तुमची. पगार तर वाढेलच. फक्त पहिलं काम ते चौथ्याचं. तुमच्या शेजारचं टेबल."

सावकाशनं तोंड उघडलं. त्याला 'नाही' म्हणायचं होतं. खरंच म्हणायचं होतं, ह्याबद्दल कुणी शंका घेऊ नये. पण श्वासच पुरेना. धावण्याच्या ठेक्यावर डोकं तेवढं वरखाली होत राहिलं. साहेबांनी पहिल्यांदाच वळून त्याच्याकडे बघितलं.

"वाटलंच मला, हो म्हणाल," ते म्हणाले. "नाही म्हणाला असतात तर पाचवे तुम्ही होतात."

पट्टा थांबला. ट्रेनरनं पाठ थोपटली. दोघं कपडे बदलायच्या खोलीत गेले. साहेबांनी लॉकर रिकामं केलं, कंगवा, साबण, टॉवेल सगळं एका पिशवीत भरलं, आणि बुटांच्या नाड्या बांधायला खूप वेळ लावला. तोवर सावकाशचा श्वास परत आला होता. खोलीत शांतता होती, वेळ होता, साहेब हाताच्या अंतरावर होते. सावकाश काही बोलला नाही.

घरी बायकोनं दारातच विचारलं, बोलले का. त्यानं सगळं सांगितलं. ती आधी हसली, मग सासऱ्यांना सांगायला आत गेली, आणि अर्ध्या वाटेवरून परत येऊन म्हणाली, "तुमच्या त्या मित्राच्या बायकोचं ऑपरेशन आहे ना पुढच्या महिन्यात?" सावकाशनं मान हलवली. तिनं बूट उचलले, आतल्या चिंध्या काढल्या, तळवे ओल्या फडक्यानं पुसले आणि पिशवीत घालून ठेवले.

सोमवारी तो कामावर आला तेव्हा सगळ्या खात्यानं मेलेला माणूस उठून यावा तसं त्याच्याकडे बघितलं. सगळ्यांत जास्त आनंद बातमीदाराला. त्यानं भर ऑफिसात मिठी मारली, शिपायाला स्वतःच्या खिशातून चहा सांगितला आणि पाठीवर थाप मारून म्हणाला, "बघ, बोलू दिलं नाहीस ना? म्हटलं नव्हतं मी?" साहेबांची केबिन बंद होती. त्याबद्दल कंपनीत कुणालाच काही कळलेलं नव्हतं, बातमीदारालाही नाही. सावकाशच्या खिशात मात्र सकाळीच वरून मिळालेलं क्लबाचं नवं कार्ड होतं. मांडीला टोचत होतं.

जेवणाच्या सुट्टीत बातमीदारानं डबा उघडला. शुक्रवारपासून नीट जेवलो नाही, म्हणाला. त्यानं डब्याचं झाकण सावकाशपुढे सरकवलं. सावकाशनं घास घेतला. मग त्यानं टेबलाखालून बुटांची पिशवी काढली.

"कशाला घाई," बातमीदार म्हणाला. "सावकाश द्यायचे होतेस."

सावकाशनं पिशवी त्याच्या हातात दिली. टेबलावरच्या स्टेपलरकडे बघत तो म्हणाला, "आतल्या चिंध्या काढल्यात. तुला बरोबर बसतील."

बातमीदार हसत होता. डब्यातला शेवटचा घास त्यानं मित्रासाठी ठेवला होता.

"शनिवारी सकाळी काय करतोयस?" सावकाशनं विचारलं.