फळी, वजनकाटा आणि मी

बायको घरी शिवणकाम करते आणि कापड बेतायला जमिनीवर ओणवी होते. तिची कंबर धरली, तेव्हा मी टेबल करायचं ठरवलं. (विकत आणायचं नाही, करायचं. इथेच कुणीतरी मला अडवायला हवं होतं.)

वखारीतून करवतीखालून नुकत्याच निघालेल्या खरखरीत फळ्या आणल्या. वखारवाला म्हणाला, "ओल्या आहेत हो. आत्ताच टेबल केलंत तर वाकडं होईल. मधे पट्ट्या घालून रचा, वारा खेळू द्या. फळीचं वजन उतरायचं थांबलं, की वाळली समजा."

बेडरूममध्ये पंख्याखाली चवड रचली. तिथे आधी आमचा पलंग होता. तो बाहेरच्या खोलीत गेला (पाठोपाठ आम्हीही).

मग रोज सकाळी वरची फळी मिठीत घेऊन मी वजनकाट्यावर उभा राहायचो आणि आकड्यातून माझं वजन वजा करायचो. माझं वजन पहिल्याच दिवशी बघून ठेवलं होतं. ते रोज कशाला बघायचं? मी काही वाळत घातलेला नव्हतो.

महिने उलटले, आकडा पहिल्या दिवसापासून हलेचना. म्हणजे फळी वाळायला लागलीच नव्हती! मी सकाळचं फिरणं बंद केलं आणि बिस्किटांचा डबा घेऊन चवडीजवळच पहारा सुरू केला. आकडा वर चढला!

"लाकूड हवेतलं पाणी ओढतंय," मी बायकोला समजावलं.

"आणि मी अजून जमिनीवरच! अहो, गणवेशांची ऑर्डर हातची जाईल."

मला फार वाईट वाटलं. (दोन बिस्किटं जास्त खाल्ली.)

शेवटी मी वखारवाल्याशी भांडायला चपला घातल्या. तेवढ्यात बायको स्वतःच काट्यावर चढली. आधी नुसती, मग फळी घेऊन.

"वाळलीये की ही! पार हलकी झालीये."

"मग वजन कशाचं वाढत होतं?"

ती मला वरून खाली न्याहाळत आली आणि मधेच थांबली.

टेबल झालं. एक पाय डुगडुगतो, पण ऑर्डर वाचली. गणवेशांचं कापड आलं, त्या दिवशी मी कौतुकाने बघायला गेलो. गठ्ठे बाजूला होते आणि टेबलावर माझी पँट पसरलेली होती.

"गणवेश नंतर," बायको शिवण उसवत म्हणाली. "आधी ही कंबरेत सैल करते. तुम्हाला ऑफिसला जायचंय ना?"