महादूजींची वही

महादूजींच्या घरात भांडणसुद्धा वहीत लिहिल्याशिवाय पुढे सरकत नसे. बायकोनं तोंड सोडलं की हे हात वर करत, "थांब वं, आधी लिवू दे!" मग लाल बासनातली वही निघे. 'आज मंडळी दोनदा रागावली. कारण समजलं नाही.' तोवर मंडळींचा राग निम्मा झालेला असे.

रिसोडजवळच्या आमच्या गावात मी शाळामास्तर, आणि माझ्या भिंतीला भिंत लागून यांचं घर. त्यांची मुलगी काशी माझ्या शाळेत फक्त एक दिवस आली. आल्या आल्या तिनं विचारलं, "गुरुजी, बैलाले वरच्या जबड्यात समोरचे दात काहून नसतात?" मला ठाऊक नव्हतं, म्हणून मी तिला कोपऱ्यात उभं केलं. दुसऱ्या दिवसापासून महादूजींनी तिला घरीच ठेवलं. "जिथं पोरीनं इचारू नाही, तिथं जाऊन ते करते काय?"

पुढे सात वर्षं रोज दिवेलागणीला भिंतीपलीकडून आवाज येई, "काशे, आज नवं काय?" आणि पोरगी आपल्या मनानं जे शिकली असेल ते वहीत उतरे. 'काशीनं बाजारात दात पाहून बैलाचं वय सांगितलं. व्यापारी पळाला.' 'काशीनं आईले अक्षरं शिकवली. आई ग पर्यंत आली, मग भाकर करपली.' महादूजी हे मला मुद्दाम मोठ्यानं वाचून दाखवत. माझा नुसता जळफळाट व्हायचा.

मग काशीनं ठरवलं, सातवीची परीक्षा बाहेरून द्यायची आणि मास्तरीण व्हायचं. तालुक्याचे हेडमास्तर म्हणाले, "हजेरी नाही, तर परीक्षा नाही."

महादूजींनी सात वह्यांचं गाठोडं टेबलावर आदळलं. "हे घ्या हजेरी. पोळ्याले बी खाडा नाही."

हेडमास्तरांनी हसत एक पान उघडलं. 'काशीनं पावलांनी वावर मोजलं.'

"असं? मग हा व्हरांडा मोज."

काशी चालत गेली, चालत आली. "बावन्न फूट."

शिपायानं टेप लावली. बावन्न फूट आणि चार बोटं! हेडमास्तरांनी मुकाट्यानं अर्जावर सही केली. फजिती बघायला म्हणून मी सोबत गेलो होतो. टाळी माझ्याच हातून वाजली.

काशी केंद्रात पहिली आली. माझ्या शाळेची अकराच्या अकरा पोरं तिच्या मागे. महादूजींनी गावभर गूळ वाटला आणि मला दोन खडे जास्त दिले.

मग ती ट्रेनिंगसाठी अकोल्याला गेली. त्या संध्याकाळी सवयीनं भिंतीपलीकडून आवाज आला, "काशे, आज नवं काय?" आणि पुढे काहीच नाही. मला राहवेना. जाऊन पाहतो तर महादूजी वही मांडीवर घेऊन बसलेले, पान कोरं.

"मास्तर," डोळे पुसत ते म्हणाले, "आज लिवाले काईच नाही."

मी शेजारी बसलो. म्हटलं, "आहे ना. बैलाला वर समोरचे दात का नसतात, ते मास्तराला अजून माहीत नाही."

महादूजींनी सरकून मला कंदिलाजवळ जागा करून दिली.

"थांबा, आधी लिवू द्या," ते म्हणाले, आणि टाक दौतीत बुडवला.