मोहरीलकाकांचा एक्सप्रेस रस्ता

आमच्या चाळीत नळावर पाणी भरायला जायचं तर मोहरीलकाकांना दगड द्यावा लागे.

ही थट्टा नाही. त्यांच्या दारासमोर बोळात एक बांबू आडवा बांधलेला होता. कोणी घागर घेऊन आलं की काका ओट्यावरून आवाज देत, "टोल!" मग हातातला दगड नाहीतर विटेचा तुकडा त्यांच्या पायाशी ठेवायचा. काका तो उलटसुलट करून बघत आणि पसंत पडला तरच दोरी ओढून बांबू वर करत.

"हा भुसभुशीत आहे बे. दुसरा आण."

"सोनं पारखल्यासारखे दगड पारखतो हा माणूस," आई म्हणायची आणि दुसरा दगड शोधायला मागे फिरायची.

नागपूरची कचेरी भोपाळला हलली तेव्हा आम्ही तिच्याबरोबर इकडे आलो. माझे वडील बांधकाम खात्यात चपराशी आणि काका त्याच खात्यात ओव्हरसियर. नव्या राजधानीत साहेब लोकांना बंगले मिळाले. आम्हाला मिळाली पत्र्याची चाळ आणि समोर काळी माती. पाऊस झाला की चप्पल मागे राही आणि माणूस पुढे जाई. दोन अर्ज करून काही झालं नाही, तेव्हा काकांनी बांबू लावला. "जो चालेल, तो बांधेल," ते म्हणाले. दिवाळीपर्यंत बोळात दगडी फरशीसारखा रस्ता झाला. खात्याचे एक साहेब पाहणीला आले, खूश झाले, आणि तो रस्ता खात्यानेच केला असं कागदोपत्री झालं. काकांचं नाव कुठेच आलं नाही. टोल मात्र चालू राहिला.

"काका, रस्ता तर पुरा झाला," मी एकदा भीतभीत म्हणालो.

"देखभाल, कॉलेज, देखभाल! टोल कधी बंद होत असतो का?"

आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच, म्हणून काका मला नावाने हाक न मारता 'कॉलेज' म्हणत. मला त्याची लाजही वाटायची आणि बरंही वाटायचं.

एकदा रशीदमियाँ टांगेवाले कोणाचं तरी सामान घेऊन आले आणि बांबूपाशी अडले.

"को खाँ, ये क्या लगा रिये हो? सड़क तुमारे अब्बा की है?"

"अब्बा की होती तो फुकट जाने देता," काका शांतपणे म्हणाले. "सब की है, इसलिए पत्थर डालो."

रशीदमियाँ इतके हसले की घोडं बिचकलं. पुढच्या खेपेला त्यांनी टांग्यातून पोतंभर दगड आणून ओतले. "लो खाँ, महीने भर का!"

पण बोळ म्हणजे नुसता नमुना होता. काकांच्या मनात खरा रस्ता होता भोपाळ ते नागपूर. कचेरीत आलेल्या कुठल्याशा परदेशी मासिकात त्यांनी वाचलं होतं, की तिकडे पैसे भरून आत शिरायचे रस्ते असतात. त्यांवर चौक नाहीत, फाटक नाही, बैलगाडी नाही, गुरं नाहीत. एकदा गाडी चढली की थेट मुक्कामाला. "आपलाही होईल. देशातला पहिला! एक्सप्रेस रस्ता!" असं ते करोंद गावाकडून धान्य घेऊन येणाऱ्या गाडीवानांनाही थांबवून सांगत. गाडीवान विचारत, "बैलगाड़ी चलेगी उस पर?" काका म्हणत, "नाही." मग गाडीवान बैलांना हाकत निघून जात.

"आडवं काही नको," हे त्यांचं पालुपद होतं. कचेरीत जाताना ते मोकळ्या प्लॉटांमधून नाकासमोर चालत. वाटेत एका साहेबाच्या बंगल्याचं कुंपण होतं, तर त्यातूनच जात. त्याबद्दल त्यांना लेखी ताकीद मिळाली होती. कोणी बोलताना मधे तोंड घातलं तरी तेच, "आडवं काही नको!" मी एकदा बांबूकडे बोट दाखवलं.

"तो आडवा नाही," काका म्हणाले. "तो टोल आहे."

रस्ता नागपूरलाच का, हे चाळीत सगळ्यांना ठाऊक होतं. काकू नागपुरात सरकारी मुलींच्या शाळेत शिक्षिका होत्या. राज्यं नव्याने पाडली तेव्हा कचेरीबरोबर काका मध्य प्रदेशात आले आणि शाळेबरोबर काकू मुंबई राज्यात राहिल्या. काकांनी बदली मागितली, तर उत्तर आलं की आता तुम्ही दुसऱ्या राज्याचे नोकर आहात. कचेरीतले लोक विचारत, "काय मोहरील, मिसेसला भेटायला पासपोर्ट लागतो का हो?" काका हसत. मला ते हसू बघवत नसे.

आईने एकदा सरळच विचारलं, "भाऊजी, वहिनींना नोकरी सोडायला काऊन नाही सांगत?"

"तिनं ती नोकरी लग्नाच्या आधी मिळवली, वहिनी. मी मागून आलो."

काकू एकदा उन्हाळ्याच्या सुट्टीत आल्या होत्या. पत्रा इतका तापायचा की दुपारी घरात बसवत नसे. स्वभावाने चांगल्या होत्या. मी काय शिकतो ते त्यांनी आस्थेने विचारलं. पण सुट्टी संपायच्या आधीच त्या निघाल्या. जाताना काकांना म्हणाल्या, "तुम्हीच येत जा. जमेल तसं."

ते जमत नव्हतं. रविवार जाण्यायेण्यातच संपे आणि रजा मिळत नसे. म्हणून काकांचा हिशेब एकच होता. शनिवारी अर्ध्या दिवसाची कचेरी सुटली की एक्सप्रेस रस्त्याने निघायचं, ते रात्रीच्या जेवणाला नागपुरात सीताबर्डीला, काकूंच्या घरी.

थोरल्या साहेबांनी नव्या रस्त्यांच्या सूचना मागवल्या, तेव्हा काकांनी नकाशा दिला. पुढे जे झालं ते वडिलांनी सांगितलं, कारण चहाचा ट्रे घेऊन ते तिथे उभे होते.

नकाशा टेबलभर पसरला होता. साहेब म्हणाले, "बहुत सुंदर!" मग चष्मा काढून त्यांनी पुन्हा बघितलं. "लेकिन मोहरील, बैतूल का आदमी इस पर चढ़ेगा कहाँ से? मुलताई वाला उतरेगा कहाँ?"

रस्त्याला दोनच दरवाजे होते. एक भोपाळला, एक नागपूरला. गावागावाला जोडरस्ता आणि ओढ्यावर मोरी काढून देण्यात ज्यांची सगळी नोकरी गेली, ते काका मधली सगळी गावं विसरले होते. त्यांनी भोपाळपासून नागपूरपर्यंत रेषेवर बोट फिरवलं. मग म्हणाले, "साहब, बीच में किसको उतरना है?"

खोली हसायला लागली. हेडक्लार्क म्हणाला, "सही बात है साहब, बीच में इनकी घरवाली थोड़े ही रहती है!" मग तर साहेबही हसले. दुसऱ्या एका शिपायाने नकाशा गुंडाळून काकांच्या हातात दिला.

"मलाही हसू आलं रे," वडील म्हणाले आणि जेवता जेवता थांबले. "सगळेच हसत होते."

पुढचे काही दिवस काका ओट्यावर दिसले नाहीत. बांबू वरच होता. बायका सवयीने दगड घेऊन येत, जरा थांबत आणि दगड तिथेच ठेवून पुढे जात.

रविवारी दुपारी आईने मला भाजीची वाटी देऊन पाठवलं. मला वाटलं होतं, नकाशा फाडून टाकला असेल. पण तो जमिनीवर पसरलेला होता आणि चार कोपऱ्यांवर चार तांबे ठेवलेले होते. काका पोटावर पालथे पडून बैतूलला फाटा काढत होते.

"कशाला आता, काका? साहेब नाही म्हणाले ना?"

"साहेब बरोबर बोलले. मीच चुकलो. बस, कॉलेज."

मी बसलो. बैतूल, मुलताई, पांढुर्णा, सगळीकडे त्यांनी उतरायला जागा केल्या होत्या. रस्ता लांबला होता आणि जागोजागी गाडीला वेग कमी करावा लागणार होता. एवढं मलाही कळलं.

"मग शनिवारचं जेवण?"

"ते नाही होत आता." ते पेन्सिलीला टोक करायला लागले. "मी फक्त इथून जाणाऱ्याचा विचार केला होता. तिकडून येणाऱ्याचा केलाच नाही."

"काकू येणार आहेत?" मी आनंदाने विचारलं.

काकांनी टोकावर फुंकर मारली.

"समज, निघाली कधी. अन् मुलताईपर्यंत आल्यावर तिला वाटलं, नको, परत जावं. तर? एकदा माझ्या रस्त्यावर चढली म्हणून भोपाळपर्यंत तिनं यावंच, असं कसं चालेल?"

मुलताईच्या फाट्यापासून त्यांनी एक रेष काढली. ती मोठ्या रस्त्याच्या खालून गेली आणि नागपूरच्या दिशेला वळली. काका मागे सरून तिच्याकडे बघत राहिले. मग रबर घेऊन त्यांनी वळण पुसलं आणि आणखी मोठं करून काढायला घेतलं.

"अचानक नको वळायला," ते म्हणाले. "तिला गाडी लागते."