'इथे गाडी लावू नये'ची दुसरी बाजू

ज्या गावात ऐकणाऱ्यांपेक्षा गाणारे जास्त झाले, ते गाव सुसंस्कृत झालं असं खुशाल समजावं. या कसोटीला कॅनडातलं विनिपेग शहर फार वर्षांपूर्वीच उतरलेलं आहे. सहा महिने हिवाळा, घरोघरी तळघर आणि तळघरात करण्यासारखं दुसरं काही नाही. त्यामुळे दर तळघरामागे सरासरी दीड बँड असं प्रमाण पडतं. (अर्धा बँड म्हणजे ज्याचा ड्रमर टोरोंटोला निघून गेला तो.)

अशाच एका तळघरात ओरेस्ट पावलिक या चौतीस वर्षांच्या गृहस्थाचा 'स्नो रूट' हा बँड सहा वर्षं मुरत होता. ओरेस्ट गायचा आणि गिटार वाजवायचा, जनेल फ्रीझन ड्रमवर, कर्टिस डेजार्ले बास गिटारवर. बँड इंडी होता, म्हणजे स्वतंत्र. कुठल्याही कंपनीच्या दावणीला न बांधलेला. (कंपन्या दावं घेऊन मागे लागल्याची नोंद नाही.) सहा वर्षांनी त्यांनी पहिला अल्बम काढला, 'इथे गाडी लावू नये'. फक्त काळ्या तबकडीवर, प्रती तीनशे. इंटरनेटवर तो मुद्दाम ठेवला नाही. तिथे कोणीही ऐकू शकतं, आणि कोणीही ऐकू शकेल अशा गाण्याला या वर्तुळात फारशी पत नसते.

दहापैकी नऊ गाणी जगासाठी होती. दुसऱ्या बाजूचं शेवटचं गाणं मात्र ओरेस्टने वडिलांसाठी लिहिलं होतं. तेओडोर पावलिक, म्हणजे त्याचे तातो (युक्रेनियनमध्ये बाबा), आयुष्यभर बर्फाच्या मैदानांखालची शीतयंत्रं दुरुस्त करत आलेले. मुलगाही त्यांच्या हाताखाली शिकत होता. तिसऱ्या वर्षी त्याने पाना खाली ठेवला आणि गिटार उचललं. त्या दिवसापासून बापलेकांत फक्त हवामान उरलं. "उणे अठ्ठावीस." "हो, वारापण आहे." सहा वर्षं एवढंच. जे तोंडावर बोलता येईना ते ओरेस्टने गाण्यात घातलं. ते तातोंनी एकदा ऐकावं, एवढीच त्याची इच्छा होती. खरं सांगायचं तर बाकीचा अल्बम हे त्या गाण्याचं पाकीट होतं.

तबकडी छापण्याची पद्धत मोठी चोख असते. कारखाना आधी एक नमुना पाठवतो. बँडने दोन्ही बाजू पूर्ण ऐकून 'सर्व ठीक' अशी सही करायची, मगच छपाई. नमुना आला तो प्रथम जनेलकडे राहिला. तिच्या प्लेयरची सुई तुटली होती. ते सांगायचं कसं, म्हणून तिने "दुसरी बाजू तर कमाल" असं कळवलं. मग कर्टिसकडे गेला. कर्टिसकडे अकराशे तबकड्या आहेत आणि प्लेयर नाही. (प्लेयर घेतला तर तबकड्या ठेवायच्या कुठे?) त्याने "आवाजाला खोली छान आलीय" असा अभिप्राय दिला. शेवटी ओरेस्टकडे आला. स्वतःचा आवाज स्वतःच ऐकत बसणं हे इंडी माणसाला शोभत नाही. शिवाय दोघा जाणकारांनी ऐकलंच होतं. त्याने सही केली. अशा रीतीने अल्बम एकमताने मंजूर झाला.

त्याचं स्वागत उत्तम झालं. शहरातल्या बँडवाल्यांत अल्बमांची देवाणघेवाण असते. आपल्याकडच्या आहेरासारखीच, फक्त साड्या निदान उघडून तरी बघतात. बासष्ट बँडवाल्यांनी 'स्नो रूट'ची तबकडी नेली, कारण ओरेस्टने त्यांच्या बासष्ट नेल्या होत्या. प्लास्टिकचं वेष्टन कोणी फाडलं नाही. वेष्टन फाडणं हा त्या वस्तूचा अपमान समजतात. दाद कशी द्यावी याचेही संकेत ठरलेले आहेत. तोंडओळख असेल तर "आवाज छान आलाय". बऱ्यापैकी ओळख असेल तर "हळूहळू भिनतंय". जिवलग मित्र असेल तर त्याने खांद्यावर हात ठेवून, डोळे मिटून नुसतं "यार..." म्हणायचं. ओरेस्टला पहिल्या आठवड्यात एकोणीस 'यार' मिळाले. शहरातला विक्रम सतराचा होता.

ज्या एका संकेतस्थळाच्या शब्दाला सगळं शहर मान देतं, त्याने दहापैकी ७.४ गुण दिले. "शेवटचं गाणं काळजाला हात घालतं," असं त्यात लिहिलं होतं. हे परीक्षण तबकड्या कारखान्यातून निघण्याच्या दोन दिवस आधी प्रसिद्ध झालं. यावरून त्या समीक्षकाचा आवाका लक्षात येतो.

एक प्रत ओरेस्टने तातोंच्या टपालपेटीत टाकली आणि घंटा न वाजवता परत फिरला. आता तातो हे असे गृहस्थ, की टोस्टर आणला तरी त्याची माहितीपुस्तिका फ्रेंच पानांसकट वाचून काढतील. चौथ्या दिवशी फोन आला.

"ओरेस्ट?"

"तातो? काय झालं? तब्येत बरी आहे ना?"

"तब्येतीला काय धाड भरलीय! तुझी रेकॉर्ड ऐकली. पहिल्या बाजूला नुसता गोंगाट आहे."

"बरं."

"दुसरी बाजू चार वेळा ऐकली. माझ्यासाठी केलीस ना? कळलं मला. मला वाटायचं, तू सगळं विसरलास."

ओरेस्टच्या डोळ्यांत पाणीच आलं. "तुमच्यासाठीच केली, तातो."

"पण तो कंप्रेसर बदलायची काही गरज नाही हां. नुसतं सील गेलंय. त्या बाईला सांग."

"कोणत्या बाईला?"

"अरे, ती खजिनदार! त्या अख्ख्या सभेत ती एकटीच शहाणी आहे. रविवारी जेवायला ये."

ओरेस्टने फोन ठेवला आणि आयुष्यात प्रथमच स्वतःच्या अल्बमचं वेष्टन फाडलं. पहिली बाजू त्याची होती. दुसऱ्या बाजूवर पेलिकन फोर्क या गावच्या कर्लिंग क्लबची (कर्लिंग म्हणजे बर्फावरून जड दगड घसरवण्याचा खेळ) वार्षिक सर्वसाधारण सभा होती. पूर्ण बावीस मिनिटं. पैकी सोळा मिनिटं बर्फ गोठवणाऱ्या यंत्राच्या कंप्रेसरवर चर्चा आणि उरलेली सहा मिनिटं सँडविचेस कोणी आणायची यावर. क्लबला शंभर वर्षं झाली म्हणून त्यांनी आठवणीखातर तबकडी काढली होती, त्याच कारखान्यात, त्याच आठवड्यात. दोघांच्या दुसऱ्या बाजूंची अदलाबदल झाली होती. कारखान्याला बोल लावण्यात अर्थ नव्हता, कारण खाली ओरेस्टची सही होती.

त्याने तातडीने बँडची बैठक बोलावली.

"जाहीर करून टाकू," ओरेस्ट म्हणाला.

"वेडा आहेस का?" जनेल म्हणाली. "सत्तर लोकांनी शपथेवर सांगितलंय, दुसरी बाजू आवडली म्हणून. त्यांना सगळ्यांना खोटं पाडणार?"

"आणि आपण कुठे ऐकली होती रे?" कर्टिसने शांतपणे विचारलं. तिथेच बैठक संपली.

घरी येऊन ओरेस्टने आपल्या फळीवरच्या बासष्ट आहेरांकडे पाहिलं. बासष्टही वेष्टनात होते. त्यांतल्या कितीकांना तो "हळूहळू भिनतंय" म्हणाला होता, हे त्याने मोजलं नाही. त्यातही कुणाचा बाप, कुणाची बहीण अडकून पडली असेल, असं त्याच्या मनात आलं आणि त्याला स्वतःची लाज वाटली.

शनिवारी पेलिकन फोर्कहून, कारखान्याकडून पत्ता मिळवून पाठवलेलं, एक पुठ्ठ्याचं पार्सल आलं. आत त्यांची तबकडी, चिटणीस श्रीमती व्हर्ना मकॉले यांचं दिलगिरीचं पत्र (चूक त्यांची नसतानाही, हा त्या मुलखाचा धर्मच आहे) आणि शताब्दी भोजनाच्या इतिवृत्ताची प्रत. त्यातली नोंद अशी:

"विषय क्र. ६ : तबकडीचे सामुदायिक श्रवण. उपस्थिती ८६. दुसऱ्या बाजूस सभेऐवजी अनोळखी तरुणाची गाणी आढळली. ती बंद करावीत अशी सूचना आली; अनुमोदक न मिळाल्याने श्रवण चालू ठेवले. पहिली चार गाणी समजली नाहीत. पाचवे गाणे वडिलांना उद्देशून असल्याचे सर्वांच्या ध्यानी आले. श्री. हॉलडॉरसन यांनी चष्मा पुसला. गाणे पुन्हा लावावे असा ठराव श्रीमती मकॉले यांनी मांडला. संमत, ८४ विरुद्ध २. विरोधकांना पुन्हा रडायचे नव्हते, असे त्यांनी नोंदवण्यास सांगितले."

अल्बमचं एवढं काटेकोर परीक्षण दुसरीकडे कुठेही आलेलं नाही. यात गुण दिलेले नाहीत, हा एक दोष मान्य करावा लागेल.

रविवारी ओरेस्ट ती तबकडी कोटाच्या आत छातीशी धरून तातोंकडे गेला. तातोंनी स्वतः होलुब्त्सी, म्हणजे कोबीच्या पानांत गुंडाळलेले भाताचे रोल, केले होते. पानं जाड राहिली होती, पण त्यावर बोलण्याची ही वेळ नव्हती. टेबलावर कंप्रेसरची एक आकृती काढून तयार होती, सीलच्या जागी लाल खूण करून.

"हे त्या बाईला दे," तातो म्हणाले. त्यांचा चेहरा इतका उजळला होता, की ओरेस्टने कागदाची घडी घालून ती खिशात ठेवली. खरं सांगावं तर हा आनंद जातो, न सांगावं तर गाणं जातं.

"तातो, अजून एक आहे. ऐकाल?"

"लाव की."

तातो खुर्ची ओढून सरळ बसले, दोन्ही हात गुडघ्यांवर. पाचही गाणी त्यांनी हूं की चूं न करता ऐकली. सुई शेवटी खरखरत राहिली तरी ते उठले नाहीत.

"कोण गातोय हा?" त्यांनी भिंतीकडे बघत विचारलं.

"आहे एक. ओळखीचा."

"गळा काही खास नाही."

"नाही."

"याच्या बापाने ऐकलंय का हे?"

"आत्ताच," ओरेस्ट म्हणाला.

तातो उठले. त्यांच्या जाड बोटांनी सुई उचलली, प्रकाशात डोळे बारीक करून शेवटच्या गाण्याची सुरुवात शोधली आणि तिथे अलगद ठेवली. मग पाठमोरेच उभे राहून म्हणाले, "बस. जेवण गार होऊ दे."

वाचकांपैकी काहींना इथे भरून आलं असेल. त्यांची दाद पावलिक कुटुंबाला कळवण्यात येईल. कंप्रेसरला नेमकं काय झालं होतं हे आपल्या सर्वांच्या नीट लक्षात आहे, गुण किती पडले तेही आहे. मात्र ते गाणं काय म्हणत होतं, हे आपण अजूनही विचारलेलं नाही.